मदत हवी आहे: 'ब्लू रोझेस'चं मराठीत काय करू?

नमस्कार मंडळी. अमेरिकन नाटककार टेनेसी विल्यम्सच्या 'द ग्लास मेनाजरी' या नाटकातला लॉरा आणि जिमचा प्रवेश आमच्या वाचनगटासाठी मराठीत करतेय आणि एका शब्दापाशी आठवडाभर अडून बसलेय. शाळेत असताना लॉरा आजारी पडते. काय झालं होतं, असं जिम विचारतो. ती म्हणते 'प्ल्युरोसिस' (फुप्फुसाच्या आवरणाला सूज येण्याचा आजार), त्याला ऐकू येतं 'ब्लू रोझेस'. तेव्हापासून तो तिला त्याच नावाने हाक मारतो.

'निळे गुलाब' केलं की कोटीच मेली. बरं, गुलाब सोडावा तर तेही जमत नाही. विल्यम्सच्या सख्ख्या बहिणीचं नाव रोझ. १९४३ मध्ये तिच्या मेंदूवर शस्त्रक्रिया झाली, ती त्यातून सावरली नाही, आणि पुढच्याच वर्षी हे नाटक शिकागोत रंगमंचावर आलं.

इंग्रजीच ठेव, असं नवऱ्याचं मत (त्याला काय जातंय!). विजय तेंडुलकरांनी विल्यम्सच्याच 'अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर'चं 'वासनाचक्र' करताना नावापासूनच मोकळीक घेतली होती. मी कितपत घ्यावी? आजार बदलला तर चालेल का? गुलाबाशी यमक जुळणारं एखादं दुखणं सुचलं तरी कळवा, रविवारी वाचन आहे.