‘कम्फर्ट वुमन’ला मराठीत काय म्हणायचं? १४ ऑगस्टच्या आत हवं आहे

संत्राबर्फी

नमस्कार मंडळी. आमच्या त्रिमूर्तीनगरात बायकांचं वाचन मंडळ आहे. महिन्यातून एकदा तर्री-पोहे आणि एकीचं वीस मिनिटांचं बोलणं. ऑगस्टची पाळी माझी.

विषय मुलीमुळे सुचला. अकरावीत आहे, दिवसभर कोरियन सीरियली पाहून राहिली, मी ओरडून राहिली. एक दिवस तिनंच मोबाइल माझ्यापुढे धरला. सेऊलला जपानी वकिलातीसमोरचा ब्राँझचा पुतळा : केस कापलेली मुलगी खुर्चीवर बसलेली, खांद्यावर पक्षी, शेजारी एक रिकामी खुर्ची. "आई, हिच्या पायात काहीच नाही, अन् टाचाही टेकल्या नाहीत. काऊन?" मला सांगता येईना. मग वाचत गेले.

आता अडलंय शब्दापाशी. ग्रुपवर सूचना टाकली : ‘महायुद्धात जपानी सैनिकांना दिलासा देणाऱ्या कोरियन स्त्रिया’. पाच मिनिटांत खालच्या मजल्यावरच्या काकूंचा मेसेज : "छान विषय. म्हणजे नर्स ना? माझी नणंद नर्स होती, तिलाही घेऊन येते."

मी सूचना खोडली. जपानी शब्द ‘इआन्फु’, कोरियन ‘विआन्बु’, दोन्हींचा अर्थ दिलासा देणारी असाच. ‘वेश्या’ म्हणावं तर खोटं. ‘बलात्कारपीडित’ म्हटलं की ऐकणाऱ्याला एक प्रसंग वाटतो. इथं तर जपानी लष्करानं सैनिकांच्या भोगासाठी मुली ठाण्यांत ठेवल्या : १९३२ साली शांघायला सुरुवात झाली, १९३७ च्या नानकिंगच्या कत्तलीनंतर जागोजागी ठाणी उघडली. डॉक्टरी तपासणी, वेळा, दर, सगळं लष्कराच्या नियमात बसवलेलं. त्याला आपल्या भाषेत काय म्हणायचं? आणि पासष्टीच्या बायकांसमोर म्हणता येईल असं.

मार्गेरिटा_रिटर्न

ताई, काकू चुकल्या नाहीत. शब्दानं त्यांना जसं फसवलं तसंच त्या मुलींना फसवलं होतं.

मी कोळशाच्या नोकरीत सात वर्षं आसामात मार्गेरिटाला काढली. शेजारीच लेडो. महायुद्धात बांधलेल्या लेडो रोडचे दगड पाहायला लोक येतात, फोटो काढतात आणि जातात. ऑगस्ट १९४४ मध्ये ब्रह्मदेशातलं मिच्चिना पडलं, तेव्हा अमेरिकन फौजेच्या हाती २० कोरियन मुली लागल्या. त्यांना लेडोला आणून तीनेक आठवडे त्यांची चौकशी झाली. तो अहवाल आहे, क्रमांक ४९. त्यात लिहिलंय : मुलींना काम काय ते नीट सांगितलं नव्हतं, जखमींना भेटायचं, बँडेजच्या गुंडाळ्या करायच्या, असं त्यांना वाटलं. म्हणजे नर्स!

आणि मजा बघा (मजा कसली), त्याच अहवालाच्या सुरुवातीला अमेरिकन माणूस लिहितो की या म्हणजे सैन्यामागे फिरणाऱ्या वेश्या, दुसरं काही नाही. पुढच्याच परिच्छेदात फसवणूक नोंदवतो. आपण दोन ओळींत दोन वेगळ्या गोष्टी लिहिल्या हे त्याच्या लक्षातही आलं नसावं. हा कागद आपल्या देशात तयार झाला, हे तुमच्या मंडळात जरूर सांगा.

कामठीकर_७२

ताई, राग नका मानू. पण आमच्या कामठीचं ड्रॅगन पॅलेस हे बुद्धाचं मंदिर जपानी मदतीनं उभं झालं. दीक्षाभूमीवर भंते सुरई ससाई जपानहून आलेले. नेताजींच्या पाठीशी जपानच होता. ऐंशी वर्षांपूर्वीचं आता कशाला उकरून राहिले? अन् त्या बायकांना पैसे भेटत होते म्हणे.

संत्राबर्फी

दादा, राग कसला. ड्रॅगन पॅलेसला मीही मुलीला घेऊन जाते, आणि भंतेजींसमोर हात आपोआप जुळतात. पण पैशाचं बोलू. त्याच अहवालात आहे : घरच्यांना काही शे येन उचल द्यायची आणि कर्जाच्या हिशोबानं मुलीला सहा महिने ते वर्षभर मालकाला बांधून टाकायचं. वर लष्कराचे नियम. उचल देऊन माणूस बांधून घेणं म्हणजे काय, हे विदर्भात कोणी कोणाला शिकवायचं? ऊसतोडीला जाणाऱ्या कुटुंबाला विचारा. तिथं निदान घरदार सोबत असतं, आणि काम काय ते ठाऊक असतं.

नेताजींचं म्हणाल तर ते १९४३ च्या डिसेंबरात जपानच्या ताब्यातल्या पोर्ट ब्लेअरला गेले. पुढच्याच महिन्यात तिथल्या सेल्युलर जेलमध्ये तिथलेच डॉक्टर आणि कवी दिवाणसिंग जपान्यांच्या छळानं गेले. दोन्ही खरं आहे.

आणि हे उकरलं कोणी? लष्कराचा हात दाखवणारे कागद १९९२ साली टोकियोच्या संरक्षण ग्रंथालयातून बाहेर काढले ते योशिमी योशिआकी या जपानी इतिहासकारानं.

कामठीकर_७२

हे नव्हतं माहीत. वाचतो.

पैठणी_नको

शब्दाकडे वळते. पेशवाईत विकत घेतलेल्या बाईला बटीक म्हणत, कुणबीण म्हणत. मालकाच्या घरात राबायचं, आणि शरीरावरही हक्क त्याचाच. ‘लष्कराच्या बटकी’ असं म्हणता येईल का? आपला शब्द आहे, अर्थही नेमका बसतो.

संत्राबर्फी

पैठणीताई, रात्री मी हाच शब्द लिहून पाहिला. अर्थ बसतो, पण ‘बटीक’ ही आता शिवी झाली, आणि तीही बाईलाच द्यायची. विकत घेणाऱ्यासाठी तशी शिवी आहे का आपल्याकडे? मला तरी सापडली नाही.

संयुक्त राष्ट्रांसाठी राधिका कुमारस्वामी यांनी १९९६ साली अहवाल दिला, त्यात ‘लष्करी लैंगिक गुलामगिरी’ असं स्वच्छ म्हटलंय. कायद्याला ते बरोबर. पण ली योंग-सू आजींनी, म्हणजे स्वतः भोगलेल्या बाईनं, २०२० मध्ये पत्रकारांसमोर सांगितलं की मला ‘सेक्स स्लेव्ह’ म्हणू नका. आता बोला! बाहेरच्यांनी नेमका शब्द शोधावा आणि जिचा तो आहे तिलाच तो अंगाला लावून घ्यायला नको वाटावा.

मार्गेरिटा_रिटर्न

बांगलादेशात १९७१ नंतर असंच झालं ना. सरकारनं युद्धात बलात्कार झालेल्या बायकांना मानानं ‘बीरांगना’ नाव दिलं, आणि गावात त्याच नावानं बायकांना टोमणे बसले.

कोरियात काय करतात सांगतो : ‘विआन्बु’ हा शब्द अवतरण चिन्हात लिहितात, म्हणजे हा शब्द आमचा नाही, त्यांचा. आणि बोलताना ‘हलमोनी’. आजी.

संत्राबर्फी

दादा, अवतरण चिन्ह बोलून कसं दाखवू? दोन बोटं वर करून? काकू म्हणतील, हिला झालं काय.

पण ‘आजी’ घेतलं. नवी सूचना अशी टाकली : ‘जपानी लष्करानं गुलाम करून ठेवलेल्या मुली, आणि म्हातारपणी बोलू लागलेल्या आज्या’. लांब आहे, असू दे. ‘केलं कोणी’ हे त्यात आलं, जे त्या गोड शब्दात कुठंच नव्हतं.

काकू काल जिन्यात भेटल्या. म्हणाल्या, "वाचलं. नणंदेला आणतेच." मग दोन पायऱ्या उतरून परत वर आल्या. "पहिली बोलली तिच्या घरच्यांनी बोलू दिलं तिला?"

किम हाक-सुन. १९४१ मध्ये बीजिंगला जपानी सैनिकांनी तिला उचललं तेव्हा ती १७ वर्षांची. पुढे लग्न झालं, दोन मुलं झाली. दोन्ही गेली, नवराही गेला. १९९० मध्ये जपान सरकार म्हणालं की हे खाजगी दलालांचं काम, तेव्हा ती एकटीच राहत होती. १४ ऑगस्ट १९९१ ला पत्रकारांसमोर बसली, वय ६७. मागे कोणी उरलं नव्हतं म्हणून बोलता आलं, असं तिचंच म्हणणं होतं. पुढच्या जानेवारीपासून दर बुधवारी वकिलातीसमोर बायका उभ्या राहू लागल्या; हजारावा बुधवार २०११ च्या डिसेंबरात आला आणि त्या दिवशी तो पुतळा बसला.

मी काकूंना एवढंच म्हटलं, "घरी कोणी नव्हतंच."

"हं," म्हणाल्या, आणि पोह्यांसाठी कांदे किती आणायचे ते विचारलं.