मदत हवी आहे: संगोळी रायण्णाचे इंग्रजी अमलातले मूळ कागद कुठं मिळतील?
नमस्कार मंडळी, मी बेळगावकडच्या खानापूरचा. पोरीला शाळेत रायण्णावर, म्हणजे कित्तूरच्या राणी चन्नम्माच्या शिलेदारावर, प्रोजेक्ट आहे आणि एका व्हिडिओत त्याला सरळ दरोडेखोर म्हटलंय की हो, ते ऐकून ती गप्पच झाली. आता १८२४ ला कित्तूरच्या लढाईत इंग्रज कलेक्टर थॅकरे पडला, राणी चन्नम्मा बैलहोंगलला कैदेतच १८२९ ला वारली, तरी रायण्णा लढत राहिला, कचेऱ्या जाळल्या, खजिने लुटले, मग इंग्रज दुसरं काय लिहिणार? १८३१ ला नंदगडला फाशी दिली, तिथल्या वडापुढं आजी मला चप्पल काढून हात जोडायला लावायची. तेव्हा हा भाग मुंबई इलाख्यात, म्हणून कागद मुंबईच्या पुराभिलेखागारात असतील का, कुणी बघितलेत? कन्नडमध्ये छापलेलं असलं तरी सांगा, पोरगी वाचते.