ऋण उत्तर आलं की खोडायचं, हे ठरवलं कुणी?

राजारामपुरी_क्लासवाला:
दहावीची शिकवणी घेतो. सध्या भाग १ मधली वर्गसमीकरणं चालू आहेत. फळ्यावर नेहमीचंच उदाहरण होतं. आयताची लांबी रुंदीपेक्षा ४ ने जास्त, क्षेत्रफळ ९६, तर रुंदी किती? क्ष² + ४क्ष = ९६. उत्तरं ८ आणि −१२. पोरांनी सवयीनं लिहून टाकलं, "रुंदी ऋण असू शकत नाही, म्हणून क्ष = ८." मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, "सर, खोडायचंच असेल तर समीकरण ते देतंय कशाला? आणि पहिल्यांदा ज्याला मिळालं त्यानं त्याचं काय केलं?"

नेटवर शोधलं तर "बीजगणिताचा जनक कोण" छापाची एका ओळीची उत्तरं. मला जनक नकोय. कुणी, कधी, कसं सोडवलं ते हवंय. जुन्या काळापासून आजपर्यंतचं चालेल, पण वर्गात पंधरा-वीस मिनिटांत सांगता येईल असं.

पन्हाळ्याचा_वारा:
भास्कराचार्य. विषय हार्ड. सगळं आपलंच हाय, बाकीच्यांनी उचललं.

शाहूपुरीचा_दिवाणजी:
वाऱ्या, दमानं घे. भास्कराचार्यांचा मान मलाही तेवढाच आहे, पण त्यांचं 'बीजगणित' ११५० च्या सुमाराचं. सरांच्या जातीचं उदाहरण त्याच्याही जवळपास तीन हजार वर्षं आधी सुटलंय.

लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये बाबिलोनची एक मातीची पाटी आहे, इसवी सनापूर्वी १८०० च्या आसपासची. तिच्यावरचं पहिलंच उदाहरण असं: चौरसाचं क्षेत्रफळ आणि बाजू मिळवली तर पाऊण होतं, बाजू किती? रीत दिलीय ती अशी. एक घे, निम्मा कर. अर्ध्याचा वर्ग पाव. पाऊण आणि पाव मिळून एक. एकाचं मूळ एक. त्यातून तो अर्धा काढ, उरला अर्धा, ती बाजू. सर, हीच रीत तुमच्या आयताला लावा. ४ चं निम्मं २, त्याचा वर्ग ४, ९६ मध्ये मिळवले की १००, मूळ १०, त्यातून २ गेले, आले ८. आणि −१२? ते आलंच नाही, कारण शंभराचं मूळ त्यांनी एकच धरलं. तुमच्या विद्यार्थिनीला निम्मं उत्तर इथंच मिळतंय. कैक शतकं ते कुणाच्या पानावर उतरलंच नाही, मग खोडणार कोण?

बगदादचा अल-ख्वारिझ्मी इसवी सन ८२० च्या सुमाराचा. त्याचं गाजलेलं उदाहरण: वर्ग आणि दहा मुळं मिळून ३९, म्हणजे आपलं क्ष² + १०क्ष = ३९. दहाचं निम्मं ५, वर्ग २५, ३९ मध्ये मिळवून ६४, मूळ ८, वजा ५, उत्तर ३. सव्वीसशे वर्षांनी रीत तीच! तरी त्याचं नाव मोठं, कारण त्यानं समीकरणांचे सहा प्रकार पाडले, प्रत्येकाला रीत दिली आणि ती का चालते ते चौरस काढून दाखवलं. सहा प्रकार पाडावे लागले ते ऋण संख्या चालत नव्हती म्हणून. 'वर्ग आणि मुळं मिळून संख्या' हा एक, 'वर्ग आणि संख्या मिळून मुळं' हा दुसरा. आज आपण सगळं डावीकडं नेतो, उजवीकडं शून्य ठेवतो आणि एकाच सूत्रात काम भागवतो. त्याच्याकडं ना ते शून्य, ना चिन्ह. आख्खं पुस्तक शब्दांत.

आता आपल्याकडचं. माझी नोकरी गुळाच्या अडतीत गेली, कीर्द-खतावणी लिहिण्यात. शेतकऱ्याचे रवे सौद्यात गेले की पट्टी करायची. आलेल्या रकमेतून अडत, हमाली, तोलाई वजा, मग आधी नेलेली उचल वजा. कधी कधी उचल पट्टीपेक्षा मोठी निघायची. तिथं "असं असू शकत नाही" म्हणून ओळ खोडता येते का? ती रक्कम त्याच्या नावे पडते आणि पुढच्या हंगामाचा हिशेब तिथूनच सुरू होतो. त्यामुळं ब्रह्मगुप्त वाचताना मला परकं काहीच वाटलं नाही. ६२८ साली त्यानं 'ब्राह्मस्फुटसिद्धान्त' लिहिला, भिल्लमाळचा माणूस, म्हणजे आजच्या राजस्थानातलं भीनमाळ. धन म्हणजे गाठीला असलेलं, ऋण म्हणजे देणं, आणि मधलं शून्य. शून्यातून ऋण वजा केलं की धन, ऋणाला ऋणानं गुणलं की धन, असे नियम त्यानं ओळीनं मांडले. शून्य भागिले शून्य म्हणजे शून्य, असंही लिहून गेला. ते पुढं टिकलं नाही, पण शून्याला हिशेबात घ्यायची छाती दाखवली.

भास्कराचार्यांचं एक उदाहरण वर्गात जरूर द्या, सर. एकाकडं ३०० रूपं आणि ६ घोडे, दुसऱ्याकडं १० घोडे पण डोक्यावर १०० चं कर्ज. घोड्यांची किंमत सारखी, दोघांची मालमत्ताही सारखी. घोडा केवढ्याला? ते मांडतात असं:

या ६ रू ३००
या १० रू १००

खालच्या शंभराच्या डोक्यावर एक टिंब, म्हणजे तो ऋण. 'या' हा यावत्तावत्, आपला क्ष. 'रू' म्हणजे सुटी संख्या. आणखी अज्ञातं आली तर काळक, नीलक, पीतक असे रंग. बरोबरचं चिन्ह नाही, वरची ओळ आणि खालची ओळ सारखी एवढंच. घोडा निघतो १०० ला.

आणि मुलीच्या प्रश्नाचा खरा गाभा त्यांच्या माकडांत आहे. कळपाच्या अष्टमांशाचा वर्ग एवढी माकडं रानात खेळतायत, उरलेली १२ टेकडीवर. कळप केवढा? उत्तरं ४८ आणि १६, दोन्ही मान्य. लगेच दुसरा कळप: पंचमांशातून ३ वजा करून वर्ग केला तेवढी गुहेत, एक झाडावर. उत्तरं ५० आणि ५. इथं मात्र ते ५ घेत नाहीत. ५ चा पंचमांश १, त्यातून ३ गेले की उणे दोन, आणि असल्या ऋणावर लोकांचा विश्वास बसत नाही, असं कारण देतात. बघा, उत्तर ५ हे स्वतः धनच आहे. वाटेत उणे दोन लागलं म्हणून बाजूला ठेवलं. तेही आधी ते काढून, वाचकासमोर मांडून, मग. मला हा प्रामाणिकपणा फार आवडतो. पाठ्यपुस्तकात आपण नुसतं "शक्य नाही" लिहून मोकळे होतो.

सूत्राचं म्हणाल तर ते श्रीधराचार्यांचं, भास्करांनी नाव घेऊन दिलंय. दोन्ही बाजूंना वर्गाच्या सहगुणकाच्या चौपटीनं गुणायचं आणि मधल्या सहगुणकाचा वर्ग मिळवायचा. तुमचं उदाहरण: ४क्ष² + १६क्ष + १६ = ४००, म्हणजे (२क्ष + ४)² = ४००. अपूर्णांक कुठं शिरतच नाही.

विद्यानगर_एमएस्सी:
काका, भारी. पुढचं मी सांगते, कारण युरोपात ऋणाचं घोडं बराच काळ अडलं होतं. कार्दानोनं १५४५ साली घन समीकरणाची रीत छापली (ती तार्ताल्याकडून, न सांगण्याच्या बोलीवर मिळवलेली, त्यावरून दोघांची जन्माची भांडणं) तरी ऋण उत्तरांना तो बनावटच म्हणतो. १६३७ मध्ये देकार्तही त्यांना खोटी मुळं म्हणतो.

पण घनामध्ये वाट चुकवता येईना. क्ष³ = १५क्ष + ४ घ्या. ४ हे उत्तर डोळ्यांना दिसतंय, ६४ = ६० + ४. कार्दानोचं सूत्र मात्र −१२१ च्या वर्गमुळातून जायला लावतं. आपल्या महावीराचार्यांनी ८५० च्या सुमारास बजावून ठेवलंय की ऋण हा कशाचा वर्ग नाही, म्हणून त्याला वर्गमूळ नाही. बोम्बेल्लीनं १५७२ मध्ये तरीही गणित रेटलं. −१ च्या मुळाला इ म्हणा: (२ + इ)³ = २ + ११इ. ११इ म्हणजेच −१२१ चं वर्गमूळ. सूत्रात दोन घनमुळांची बेरीज असते, त्यातलं एक २ + इ, दुसरं २ − इ. बेरीज ४. म्हणजे भास्करांच्या माकडासारखंच, उत्तर सरळ आणि वाट आडरानातून. फक्त इथं दुसरी वाटच नव्हती.

चिन्हं हळूहळू आली. बरोबरचं चिन्ह रेकॉर्डनं १५५७ ला काढलं, ज्ञात आणि अज्ञात दोन्हींना अक्षरं व्हिएतनं १५९१ ला दिली, आज वापरतो ती अक्षरांची पद्धत देकार्तची. मग पाचव्या घातावर सगळे अडकले. १८२४ साली आबेलनं दाखवलं की तिथं असं सर्वसाधारण सूत्र असूच शकत नाही. गॅल्वा १८३२ मध्ये विसाव्या वर्षी द्वंद्वात गेला. कुठलं समीकरण सुटतं आणि कुठलं नाही हे मुळांच्या अदलाबदलीवरून ओळखायचं, हे त्याचं काम छापलं गेलं १८४६ मध्ये. तिथून प्रश्नच पालटला. एमी न्योटरच्या १९२१ च्या लेखात सोडवायला समीकरण नसतंच, बेरीज-गुणाकाराचे नियम पाळणाऱ्या रचनाच अभ्यासायच्या असतात. आमचा एमएस्सीचा अर्धा अभ्यासक्रम म्हणजे हेच.

राजारामपुरी_क्लासवाला:
दोघांचेही आभार. घोडे आणि माकडं उद्याच घेतो. −१२१ दहावीला सांगू का?

विद्यानगर_एमएस्सी:
सांगा. विचारलंय म्हणजे त्या मुलीला झेपेल. गुणांचं बघायला सराव परीक्षा आहेतच.

पन्हाळ्याचा_वारा:
ते ठीक हाय, पण उचललं का नाही सांगा की, दिवाणजी.

शाहूपुरीचा_दिवाणजी:
१६५७ मध्ये फर्मानं युरोपातल्या गणित्यांना कोडं घातलं: ६१ ला एका वर्गानं गुणून १ मिळवला तर पूर्ण वर्ग यावा, अशा संख्या शोधा. भास्करांनी हेच ६१ चक्रवाल रीतीनं, म्हणजे तीच कृती फिरून फिरून करत उत्तर गाठायच्या रीतीनं, आधीच सोडवून ठेवलं होतं. सर्वांत लहान उत्तर २२६१५३९८० आणि १७६६३१९०४९. फर्माला याचा पत्ता असता तर त्यानं कोडं म्हणून ते घातलंच नसतं. भास्करांच्या ग्रंथाचं कोलब्रूकनं केलेलं संस्कृतातून इंग्रजी भाषांतर आलं १८१७ ला. त्यामुळं इथं तरी चोरी नाही रे, दोघांनी आपापल्या वाटेनं तेच गाठलं. आणि अभिमान वाटायचा तर ताळा करून वाटू दे.

पन्हाळ्याचा_वारा:
केला की. मोबाईलच्या कॅल्क्युलेटरवर आकडा मावंना, शेवटचे अंक खाल्ले त्यानं.

विद्यानगर_एमएस्सी:
शेवटचे दोन अंक हातानं कर. ८० चा वर्ग ६४००, शेवटी ००. ६१ नं गुणलं तरी ००, अधिक १ म्हणजे ०१. तिकडं ४९ चा वर्ग २४०१, शेवटी ०१. एवढं जुळलं, बाकीचे कागदावर तू कर.