मदत हवी आहे: अपघात भरपाईच्या अपिलाला उशीर झालाय

नमस्कार मंडळी. माझा मोठा भाऊ पिंपळगावहून पिकअपमध्ये द्राक्षं घेऊन येताना आडगावजवळ ट्रकच्या धडकेत गेला. वय ३४. नाशिकच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने वहिनीला भरपाई दिली, पण भविष्यातल्या उत्पन्नवाढीचे ४० टक्के धरलेच नाहीत. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे चाळिशीच्या आतल्या स्वतःचा धंदा करणाऱ्यालाही ते धरायला हवेत. हे आम्हाला कळलं दीड वर्षाने.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ नुसार उच्च न्यायालयात अपील ९० दिवसांत करायचं असतं, त्यानंतर उशिराचं सबळ कारण दाखवावं लागतं. कारण खरं आहे हो. वहिनी दोन लहान लेकरं आणि अंथरुणाला खिळलेली माझी आई, सगळं एकटीने बघत होती. निकालाची प्रत वकिलांकडेच पडून राहिली. विलंब माफीच्या अर्जाला एवढं पुरेल का? आईचे दवाखान्याचे कागद जोडू का? मंजूर रक्कम उचलली आहे, त्याने अडचण येईल? उशिराच्या काळाचं व्याज सोडायला आम्ही तयार आहोत.

अशी अपिलं मुंबईला चालवणारे, पण नाशिकात भेटू शकतील असे वकील कोणाच्या माहितीत असतील तर कृपया कळवा.