सोकुरोव इंडिपेंडंट कसा काय?

अर्धवट_रीळ
काल शेवटी रशियन दिग्दर्शक सोकुरोवचा 'रशियन आर्क' बघितला, लॅपटॉपवरच, आणि डोकं सुन्न झालंय. दीड तास एकच शॉट, कट म्हणून नाहीच. पण जो तो सोकुरोवला 'इंडिपेंडंट' म्हणतो आणि दुसरीकडे वाचतोय की त्याच्या 'फाउस्ट'च्या पैशाची सोय पुतिनच्या भेटीनंतर झाली. मग हा कसला इंडिपेंडंट? जाणकारांनी उजेड पाडा, आणि आता पुढचं काय बघू तेही सांगा.

नेवाकाठ
तुझा घोळ होतोय कारण आपल्याकडे इंडिपेंडंट म्हणजे स्वतःची एफडी मोडून, मित्रांकडून उसने घेऊन पिक्चर काढणारा. सोव्हिएत काळात स्टुडिओच सरकारी, खाजगी पैसा आणणार कुठून? सोकुरोवने १९७८ मध्ये प्लातोनोवच्या लिखाणावरून 'माणसाचा एकाकी आवाज' केला, तर फिल्म इन्स्टिट्यूटने तो डिप्लोमा फिल्म म्हणून घ्यायलाच नकार दिला. मोठा दिग्दर्शक तार्कोव्हस्की, त्याला मात्र आवडला, त्यानेच खटपट करून ह्याला लेनफिल्म ह्या सरकारी स्टुडिओत चिकटवलं. म्हणजे नोकरी आहे, कॅमेरा मिळतोय, पिक्चर बनतायत, फक्त ते लोकांपर्यंत जात नाहीत, डब्यात पडून राहतात! तो पहिला पिक्चर बाहेर आला १९८७ मध्ये, गोर्बाचोव आल्यावर. नऊ वर्षं गेली मधे. तिथे इंडिपेंडंट म्हणजे पैसा कुणाचाही असो, पिक्चर आपल्याच मताने काढणारा.

खडूस_तात्या
हे सगळं ठीक पण फाउस्टचं काय? सरकारी पैशावर व्हेनिस फेस्टिव्हलचं सगळ्यात मोठं बक्षीस, गोल्डन लायन, घ्यायचं (२०११) आणि वर बाणेदार म्हणून मिरवायचं, दोन्ही कसं चालेल. ज्याचं खावं मीठ...

नेवाकाठ
@खडूस_तात्या मीठ खाल्लं पण त्याला जागला कुठे तो? डिसेंबर २०२१ मध्ये रशियाच्या अध्यक्षांच्या मानवाधिकार परिषदेच्या बैठकीत पुतिनसमोरच म्हणाला की ज्या प्रदेशांना रशियात राहायचं नाही त्यांना वेगळं होऊ द्यावं, आणि तिथल्या तिथे झाप खाल्ली. त्यानंतरचा 'फेअरीटेल' (२०२२), ज्यात स्टालिन, हिटलर, मुसोलिनी, चर्चिल मेल्यावर धुक्यात हिंडत एकमेकांना टोमणे मारत बसतात आणि त्यांचे चेहरे जुन्या फुटेजमधून उचललेत, त्याला २०२३ मध्ये रशियात प्रदर्शनाचं सर्टिफिकेटच दिलं नाही. त्या कागदाशिवाय तिथे थेटरात लावता येत नाही. १९७८ ला जिथे होता तिथेच परत, फक्त वय सत्तरीपुढे.

फोकसपुलर
मी त्या वादात पडत नाही, तांत्रिक सांगतो. आर्कचं शूटिंग २३ डिसेंबर २००१, हर्मिटाज म्युझियम त्या दिवसापुरतं मिळालेलं. डिसेंबरात पीटर्सबर्गला नीट उजेड जेमतेम चार तास. पहिले तीन प्रयत्न मधेच फसले, चौथा लागला. कॅमेरामन टिलमन ब्यूटनर स्टेडिकॅम (चालताना चित्र हलू नये म्हणून कॅमेरा अंगावर बांधायचा साज) घेऊन ३३ खोल्या फिरलाय, दोन हजाराच्या आसपास माणसं, त्यात शेवटी तो बॉलडान्स... त्याच्या पाठीचं काय झालं असेल देव जाणे. रेकॉर्डिंग फिल्मवर नव्हे, हार्डडिस्कवर, कारण एवढा लांब शॉट फिल्मच्या रिळात मावतच नाही.

खडूस_तात्या
त्या पाठीला माझाही नमस्कार. बाकी मत तेच.

अर्धवट_रीळ
झक्कास माहिती नेवाकाठ, धन्यवाद! तात्या, मला आता अर्धं तुमचं पटतंय अर्धं त्यांचं. पुढे काय बघू ते राहिलंच की.

नेवाकाठ
'मदर अँड सन' (१९९७). ७३ मिनिटांचा आहे, आजारी आई आणि तिला उचलून फिरवणारा मुलगा, बास. चित्र तिरकं ताणलेलं दिसेल, स्क्रीनची सेटिंग बदलत बसू नकोस, त्याने मुद्दाम तशी भिंगं आणि काचा वापरल्यात. मी पहिल्यांदा प्रोजेक्टर बिघडलाय म्हणून ओरडायला उठले होते.

फोकसपुलर
आणि रात्री जेवून बघू नकोस, झोपशील.