मदत हवी आहे: टर्कीचा खिमा घालून हलका बेक्ड पास्ता
क्रीम आणि चीज कमी करून बेक्ड पास्ता करायचाय. पेने 250 ग्रॅम, टर्कीचा खिमा साधारण तेवढाच, शिवाय झुकिनी, मशरूम, पालक. कमी चरबीचा खिमा भाजला की कोरडा, भुसभुशीत होतो आणि भाज्या ओव्हनमध्ये पाणी सोडतात. वाढताना चमच्याखाली फिकट गुलाबी पाणी! मशरूम मोठ्या आचेवर परतून पाणी आटवते, पास्ताही 2 मिनिटं आधीच उतरवते. झुकिनीला मीठ लावून पिळून घ्यावी का? खिमा ओलसर कसा ठेवायचा? आणि व्हाइट सॉसऐवजी घट्ट दही चालेल? कॉर्नफ्लोअर लावलं की फुटत नाही म्हणतात, पण 190 अंशांवर टिकेल? वरून थोडं पार्मेझान चीज मात्र हवंच. (टर्कीऐवजी चिकन घ्या, असं कृपया सुचवू नका.)