‘बिंदू आलेखावर आहे का?’ आलेख म्हणजे रेषा की कागद?

घणसोली: ठाण्यातल्या एका रात्रशाळेसाठी नववीचा सरावसंच मराठीत आणतेय. समीकरण २क्ष + ३य = १२. ‘(४, १) हा बिंदू आलेखावर आहे का?’ याला मुलं सरसकट ‘हो’ लिहितात, कारण बोलताना चौकटींच्या कागदालाच आलेख म्हणतात आणि कागदावर तर सगळेच बिंदू असतात. ‘समीकरणाचे समाधान करतो का?’ असं लिहावं, तर समाधान म्हणजे मनाचं समाधान, एवढंच त्यांना ठाऊक. काय लिहू?

कोपरीकर: कागदाला ‘आलेख कागद’ म्हणा, दर वेळी पूर्ण. आलेख म्हणजे समीकरण पाळणाऱ्या सगळ्या बिंदूंचा संच. इथे ती रेषा. आणि समाधान बिंदू करत नाही, त्याचे निर्देशक (क्ष आणि य यांच्या किमती) करतात. (४, १) साठी ८ + ३ = ११; बारा भरत नाहीत, बिंदू रेषेबाहेर. (−३, ६) साठी −६ + १८ = १२; रेषेवर.

वाशी_१७: ‘आहे’पेक्षा ‘येतो’ लिहा. ऐरोली ट्रान्सहार्बर रेल्वेमार्गावर येतं, मध्य रेल्वेच्या मुख्य मार्गावरचं मुलुंड येत नाही; हे इथल्या पोरांना सांगावं लागत नाही. ठाणं दोन्ही मार्गांवर येतं, म्हणजे एकसामयिक समीकरणांचा छेदनबिंदूही त्यातच कळतो.

कोपरीकर: स्टेशन नकाशात बघून कळतं, बिंदू बघून कळत नाही. १ सेंमी = १ एकक या प्रमाणात (२.९, २) रेषेपासून जेमतेम अर्धा मिलिमीटर लांब पडतो. पेन्सिलीची रेघच तेवढी जाड. डोळा म्हणेल ‘येतो’, आकडे म्हणतात ५.८ + ६ = ११.८. ‘येतो का’ विचारलंत की मुलं पट्टी लावून बघणार.

कळवा_खाडी: मग सरळ ‘ताळा करून पाहा’ लिहा. घरातला शब्द आहे. ताळमेळ, ताळेबंद, ताळ्यावर येणे, सगळी एकाच कुळातली वाटतात.

वाशी_१७: ताळा आलेल्या उत्तराचा करतात. इथे उत्तर अजून आलंच नाही. ‘पडताळा’ चालेल.

कळवा_खाडी: समीकरण सोडवून क्ष = ३, य = २ आलं की किमती परत ठेवतो, तो ताळाच. कृती तीच, शब्द का बदलायचा?

घणसोली: कृती तीच, पण चुका वेगळ्या. (२, ३) आणि (३, २) यांत मुलं गोंधळतात: पहिल्याने १३ येतात, दुसऱ्याने १२. ऋण किमतीला कंस देत नाहीत. य = क्ष² − ४ मध्ये (−३, ५) तपासताना −३² लिहून −९ घेतात, उजवी बाजू −१३ होते आणि चांगला बिंदू बाद. (−३)² = ९, ९ − ४ = ५. कंस आधी लिहायचा, किंमत त्यात नंतर भरायची.

कोपरीकर: म्हणूनच ‘समाधान’ सोडू नका. सम् + आ + धा, म्हणजे जुळवून ठेवणे. शंकेचं समाधान करतो तेव्हा कोण खूश झालं हे कुठे बघतो? दोन बाजू जुळल्या, झालं समाधान.

वाशी_१७: व्युत्पत्ती नववीच्या प्रश्नपत्रिकेत छापता येत नाही. ‘किमती ठेवल्यावर डावी बाजू = उजवी बाजू होते का?’ एवढं पुरे.

कोपरीकर: पुरत नाही. य = √क्ष घ्या, बिंदू (४, −२). वर्गमूळ नको म्हणून पोरं दोन्ही बाजूंचा वर्ग करतात, ४ = ४, बाजू जुळल्या. पण √४ म्हणजे २, −२ नव्हे. बिंदू आलेखावर नाही. ‘मूळ समीकरणाचे समाधान’ यातला ‘मूळ’ शब्द तुमच्या वाक्यात कुठे बसवणार?